सरवा

मंगळवार, रात्र

बायबलातली रूथची गोष्ट आज पुन्हा वाचली. चारच अध्याय, ८५ वचनं. ओटा आवरून बसलं तर झोपायच्या आधी वाचून होते. पण तीन रात्री झाल्या, माझा पाय पहिल्या अध्यायाच्या शेवटातून निघत नाही.

बेथलेहेमात दुष्काळ पडतो. या गावाच्या नावाचा हिब्रू अर्थ भाकरीचं घर, आणि भाकरीच्याच घरात दाणा नाही. एक माणूस बायकोला आणि दोन मुलांना घेऊन मवाब देशात जगायला जातो आणि तिथेच वारतो. मुलं तिथल्या मुलींशी लग्नं करतात. दहाएक वर्षांत तीही जातात. एवढं सगळं पहिल्या पाच वचनांत. कोण कशानं गेलं, कोण किती रडलं, काही नाही. मागे तीन विधवा उरतात, नामी आणि तिच्या दोन सुना, अर्पा आणि रूथ. आणि इतकी घाईत असलेली गोष्ट तिथे रस्त्यातच थांबते, बायका बोलायला लागतात. निम्म्याहून अधिक पुस्तक असं बोलण्यातच आहे.

नामी म्हणते, पोरींनो, आपापल्या आईच्या घरी जा. अर्पा रडते, सासूचा मुका घेते आणि माघारी वळते. गोष्ट तिला एका शब्दानंही दोष देत नाही, हे मला फार आवडलं. रूथ मात्र सासूला बिलगते. तू जाशील तिथे मी येईन, तुझे लोक ते माझे लोक, तुझा देव तो माझा देव, तू मरशील तिथेच मी मरेन. परदेशात ही वाक्यं लग्नांत वाचतात म्हणे. मुळात ती एका सुनेनं सासूला म्हटलेली आहेत.

दोघी बेथलेहेमात पोचतात. गाव लोटतं. बायका विचारतात, ही नामीच ना? नामी म्हणजे हिब्रूत गोड, सुखाची. (मराठीतही नामी म्हणजे उत्तमच, हा योगायोग वाचताना सारखा मनात येतो.) ती म्हणते, मला नामी म्हणू नका, मारा म्हणा. मारा म्हणजे कडू. भरलेली गेले होते, परमेश्वरानं मला रिकामी परत आणलं.

रिकामी. आणि रूथ शेजारीच उभी आहे.

तिच्या चेहऱ्यावर काय उमटलं, हे लिहिणारा सांगत नाही. सातूच्या कापणीला नुकती सुरुवात झाली होती, एवढंच सांगतो आणि अध्याय संपवतो.

सासरे गेले त्या आठवड्यात भेटायला आलेल्या बायकांना सासूबाई म्हणत होत्या, "माझं आता कोण आहे?" मी चहाचा ट्रे घेऊन दारात उभी होते. तेव्हा या घरात येऊन मला पंधरा वर्षं झाली होती. फार लागलं. कुणाला बोलले नाही, यांनाही नाही.

बुधवार

मराठी बायबलमध्ये रूथ सरवा वेचायला जाते. शब्द वाचला आणि लेकीला सांगता येईना, म्हणून सासूबाईंना विचारलं. त्या एकदम खुलल्या. त्यांचं माहेर बार्शीकडचं. ज्वारीची काढणी झाली, कणसं मोडून खळ्यावर गेली, की रानात मागे राहिलेली कणसं वेचायची, तो सरवा. त्या लहानपणी आजीबरोबर जायच्या. ओट्यात कणसं गोळा करायची, घरी आणून हातानं चोळायची, सुपात पाखडायची. कुणाच्या रानात शिरायचं आणि कुणाच्या नाही, हे आजीला पाठ असायचं.

त्यांना सांगितलं, यहुदी धर्मशास्त्रात हा नियमच आहे. लेवीय पुस्तकात म्हटलंय की शेत अगदी कडेपर्यंत कापू नका, खाली पडलेलं वेचू नका, ते गरिबासाठी आणि परक्यासाठी राहू द्या. रूथ दोन्ही आहे. पुढे बवाज नावाचा शेताचा मालक गड्यांना सांगतो, पेंढ्यांतून मुद्दाम थोडं ओढून तिच्यासाठी टाकत जा आणि तिला रागावू नका.

सासूबाई म्हणाल्या, "म्हणजे तिला मागावं लागू नये म्हणून."

मी हे वचन कितीदा वाचलं असेल. मला बवाज उदार वाटला होता, एवढंच.

मग खळ्यावरची रात्र सांगितली. बवाज सातू उपणून, जेवून, धान्याच्या राशीपाशी झोपलेला असतो आणि रूथ तिथे त्याच्याकडे जाते. सासूबाईंनी मान डोलावली. राखणीला मालक खळ्यावर झोपायचाच, यात त्यांना नवल नव्हतं.

गुरुवार

आज दुपारी तो धागा हाती लागला, तेव्हापासून अंगावर काटा आहे.

खळ्यावरून पहाटे रूथ घरी येते. बवाजनं तिच्या ओढणीत सहा मापं सातू घातलेले असतात. ती सासूला म्हणते, सासूकडे रिकाम्या हातानं जाऊ नकोस असं ते म्हणाले. हिब्रूत इथे तोच शब्द आहे जो नामीनं वेशीपाशी वापरला होता, रेकाम. मी मागची दोन वचनं पुन्हा पाहिली. बवाज सातू मोजून देतो तेव्हा असं काही म्हणताना दिसत नाही. हे वाक्य आपल्याला फक्त रूथच्या तोंडून कळतं. तो म्हणालाही असेल. पण मला वाटतं, त्या दिवशी शेजारी उभं राहून ऐकलेला तो शब्द रूथनं मनात जपून ठेवला होता आणि आता धान्यासकट सासूच्या पुढ्यात ठेवला. आणि पुस्तकातलं हे रूथचं शेवटचं वाक्य. यानंतर ती बोलत नाही.

धर्मग्रंथ साहित्य म्हणून वाचला की त्याचं मोल उतरतं, असं मला पूर्वी कुणी कुणी सांगितलं होतं. मी ख्रिस्ती नाही, यहुदी नाही. पण एकेका शब्दापाशी इतकं थांबायला मी शिकले ती ज्ञानेश्वरी वाचताना, आणि तिथे थांबल्यानं काही कमी झालं नाही.

पुस्तक कुठे ठेवलंय यानंही ते बदलतं. ख्रिस्ती बायबलात रूथ येते शास्त्यांच्या पुस्तकानंतर. त्याचा शेवट इतका हिंसक आहे की पुढचं पान उलटल्यावर एका सुनेचा आवाज ऐकून जीव भांड्यात पडतो. यहुद्यांच्या हिब्रू बायबलात ती शेवटच्या विभागात आहे, आणि १००८ च्या सुमारास लिहिलेल्या लेनिनग्राडच्या प्रसिद्ध हस्तलिखितात नीतिसूत्रांच्या पुस्तकाच्या लगेच पुढे. नीतिसूत्रांचा शेवट कर्तबगार स्त्रीच्या कवितेनं होतो, आणि 'कर्तबगार स्त्री' हेच शब्द बवाज रूथला उद्देशून म्हणतो. यहुदी लोक ती शवूओतच्या सणाला, कापणीच्या दिवसांत वाचतात.

पंडिता रमाबाईंची आठवण सारखी येतेय. त्यांनी केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये बसून हिब्रू आणि ग्रीकवरून अख्खं बायबल सोप्या मराठीत आणलं. त्या १९२२ मध्ये गेल्या, ते पूर्ण प्रसिद्ध झालं १९२४ मध्ये. आई-वडील दुष्काळात उपासमारीनं गेलेले. १८८२ मध्ये ऐन तारुण्यात वैधव्य, पदरात लहान मुलगी. १८९६-९७ च्या दुष्काळात मध्य प्रांतातून शेकडो निराधार बायका-मुली त्यांनी आणल्या. दुष्काळ आणि विधवा या दोन शब्दांनी सुरू होणारं हे पुस्तक भाषांतराला समोर घेतलं असेल त्या दिवशी त्या खोलीत किती वेळ लेखणी थांबली असेल, असं मनात येतं.

रात्री सासूबाईंना शेवट वाचून दाखवला. रूथचं बवाजशी लग्न होतं, मुलगा होतो. शेजारणी म्हणतात, नामीला मुलगा झाला, आणि तुझ्यावर प्रेम करणारी ही सून तुला सात मुलांपेक्षा जास्त आहे. पुढे वंशावळ, तिच्या टोकाला दावीद राजा. मत्तयानं येशूची वंशावळ लिहिली त्यातही ही मवाबी सून नावानिशी आहे, हेही सांगितलं. ते त्यांनी ऐकलं न ऐकलं.

"मग ती म्हातारी काय म्हणाली?"

"काही नाही. चौथ्या अध्यायात ती बोलतच नाही. बाळाला उराशी घेते, तेवढंच."

बराच वेळ त्या गप्प होत्या. मग चष्मा काढून उशाशी ठेवत म्हणाल्या, "उद्या पहिल्यापासून वाच. सुरुवात मी ऐकलीच नाही."

हो म्हटलं. पहिल्या अध्यायात ते वाक्य येईल.