वहीच्या मागच्या पानावरची निनादबेटं

स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून पाठव असा मेसेज ग्रुपवर आला तेव्हा सहल, गॅदरिंग वगैरे काही आठवलंच नाही, आठवली ती आठवीतली गणिताची वही. पुढून गणितं आणि मागून माझी निनादबेटं.

निनादबेटं म्हणजे मालवणच्या बंदरावर बसून किल्ल्याकडे बघता बघता मी रचलेली दुनिया. तिथला समुद्र एकच सा धरून बसलेला आणि त्यातून बारा बेटं वर आलेली, पहिलं सा या सुराचं, मग प्रत्येक बेट आधीच्या बेटाचा पंचम, म्हणजे त्याच्यापासून पाचवा सूर. बाराव्यावरून पुढचा पंचम लावला की परत सा यायला हवा, पण तो येत नाही, जरासा वरच लागतो. हे जे उरतं त्याला तिथले लोक शेष म्हणतात, गेलेल्या माणसांचे आवाज त्यात असतात आणि त्याच्या ओढीने भरती येते. मला हे कुणी शिकवलं नव्हतं, भजनात बुवांचा गळा आणि पेटी कुठेतरी केसभर वेगळे लागतात एवढंच कानाला जाणवायचं.

गणिताच्या सरांनी वही पकडली. मला वाटलं आता काही खरं नाही, पण सरांनी उभ्याउभ्या सगळं वाचलं आणि फळ्याकडे वळले. पंचमाची कंपनं साच्या दीडपट, तर १ ला दीडने बारा वेळा गुणा, सगळ्या वर्गाला कामाला लावलं. उत्तर आलं १२९.७४६. वरचा सा दुप्पट, सा ते वरचा सा हे एक सप्तक, आणि बारा पंचमांत सात सप्तकं चढतात, म्हणून सातदा दुप्पट म्हणजे १२८. सर म्हणाले, "हा बघ तुझा शेष. खरा आहे. याला पायथागोरसचा कॉमा म्हणतात."

मला अजून तो आकडा पाठ आहे.

मग सरांनीच सांगितलं की पेटीत हा फरक बारा सुरांत सारखा वाटून टाकतात, आणि श्रुती म्हणजे सुरांमधले बारीक फरक बसत नाहीत, मींड म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं निघत नाही म्हणून आकाशवाणीने १९४० ते १९७१ पेटीला बंदी घातली होती. मी लगेच समकर नावाची जमात लिहिली, त्यांनी शेष बारा बेटांत वाटला, तो कुणालाच ऐकू येईना आणि भरती थांबली. पण आमच्याकडे पेटीशिवाय डबलबारी, म्हणजे दोन बुवांचा भजनाचा सामना, होणार कशी, म्हणून समकरांना मी दुष्ट केलं नाही, सगळ्यांना एकत्र गाता यावं म्हणून ते तसं करतात.

भरती रोज साधारण ५० मिनिटं उशिरा का येते हे बाबांना विचारलं तर जाळं विणता विणता म्हणाले, "दर्याचो दिवस आपल्यापेक्षा मोठो." चंद्र रोज थोडा पुढे सरकतो म्हणून, हे नंतर भूगोलात कळलं. म्हणजे तिथेही रोज काहीतरी उरतंच, त्या रात्री ते लिहून काढताना झोप लागली नाही.

वही माझ्याकडे आहे. शेवटच्या पानावर सरांच्या लाल पेनाने लिहिलंय, "तेराव्या सुरावर कोण राहतं ते लिहिलं नाहीस." सर आता नाहीत. ते पान मी अजून लिहितोय.