रिगवरची पहिली ट्रिप : माझा अनुभव

सुट्टीला तासगावला आलो की पोरं आधी पगार विचारतात, कामाचं कुणीच विचारत नाही, म्हणून मुद्दाम लिहितोय. मी मुंबई हायला, म्हणजे समुद्रातल्या तेलक्षेत्रात, तेलविहीर खोदायच्या रिगवर फ्लोअरमन आहे, म्हणजे रिगच्या फ्लोअरवर पाईप हाताळणारा. मुंबईपासनं साधारण १६० किमी आत समुद्रात, जुहूवरनं हेलिकॉप्टरनं जायचं, १४ दिवस तिथं आन १४ दिवस घरी, ड्युटी १२ तासाची.

जायच्या आधी मेडिकल आन सेफ्टी ट्रेनिंग होतं. हेलिकॉप्टरचा सांगाडा पाण्यात बुडवून उलटा करतात, तो फिरायचा थांबेपर्यंत श्वास रोखून खिडकी धरून बसायचं आन मगच पट्टा सोडून बाहेर पडायचं. गावच्या विहिरीत पोहलेलो, त्यामुळं ते निभावलं.

खरा कस लागला ट्रिपला. बिट, म्हणजे पाईपच्या खालच्या टोकाचं खोदायचं अवजार, झिजलं की ते बदलायला विहिरीतला सगळा पाईप वर काढून परत सोडायला लागतो, त्यालाच ट्रिप म्हणतात. एक पाईप जवळपास ३० फूट, तीन मिळून एक स्टँड, ३००० मीटर खोली असली तर असे १०० च्या वर स्टँड. ड्रिलर पाईप वर ओढतो, आम्ही पाईपभोवती स्लिप्स, म्हणजे पाचरी, टाकतो, त्या खालचा पाईप धरून ठेवतात, मग दोन टाँग (मोठे पाने) लावून जॉइंट सोडायचा, सुटलेला स्टँड ढकलत बाजूला उभा करायचा, वर मनोऱ्यातल्या फळीवरचा, म्हणजे मंकी बोर्डवरचा, डेरिकमन त्याचं टोक ओढून अडकवतो, तोवर खाली पुढचा आलेला असतो. जॉइंट सुटला की आतला मड (खोदताना पाईपमधनं सोडतात तो चिखल) अंगावर, ग्लोव्ह्ज बुळबुळीत, फ्लोअर पण. आवाज एवढा की खुणेनंच बोलायचं. नव्या रिगवर टाँगचं काम मशीन करतं, आमच्याकडं हातानंच.

तालमीतलं अंग होतं तरी कंबर आन मनगटं भरून आली. आमच्या क्रूमधले रत्नागिरीचे एक दादा लय जुने, त्यांनी जवळ येऊन सांगितलं, "जोर नको लावू, टाईम बघ." स्लिप्सला तिघांचा हात एकदम लागला पाहिजे, गुऱ्हाळावर काहील उतरवताना लागतो तसा. स्लिप्स पायानं ढकलायच्या नाहीत आन टाँग जिथनं फिरते तिथं कधीच उभं राहायचं नाही, हे त्यांनी माझ्याकडनं रोज वदवून घेतलं. आज माझी दहाही बोटं शाबूत आहेत ती त्यांच्यामुळं.

सगळा पाईप वर आला की नवं बिट लावून तोच पाईप परत एकेक स्टँड खाली सोडायचा, आपली शिफ्ट संपली तर दुसरा क्रू तिथनंच पुढं चालू करतो.

आपल्याकडचं कुणी जाणार असेल तर पोहायला शिका, बैठका चालू ठेवा, आन कॉन्ट्रॅक्टरकडं लागणार असाल तर पीएफ आन इन्शुरन्स कागदावर बघूनच सही करा.