पॅच आला की आधी रेषा शोधा

व्हॅलोरंट या पाच विरुद्ध पाच नेमबाजीच्या ऑनलाइन खेळाचा पॅच, म्हणजे त्यातले आकडे बदलणारा अपडेट, आला की सांगली-मिरजेच्या गेमिंग ग्रुपांवर तासाभरात निकाल लागतो. अमका एजंट (खेळातलं पात्र) संपला, तमकी बंदूक आता घ्यायचीच. साधारण दोन आठवड्यांनी पुढचा पॅच येतो आणि पुन्हा तेच. खरं म्हणजे पॅचमधले बहुतेक आकडे खेळ बदलत नाहीत. मोजकेच बदलतात, आणि ते ओळखायची नजर कबड्डी बघत मोठ्या झालेल्या आपल्या भागातल्या पोरांकडे आधीच आहे. चढाईपटूचा पाय बोनस रेषेच्या कितीही जवळ गेला तरी गुण नाही. पलीकडे टेकला की आहे. तोही समोर सहा किंवा जास्त बचावपटू असतील तरच. सहाचे पाच झाले की तीच रेषा निरुपयोगी होते आणि चढाईची सगळी आखणी बदलते.

पॅच तसाच वाचा. किती टक्के वाढलं हे सोडा, कोणती रेषा ओलांडली ते बघा.

पहिली रेषा जीवाची. नुसता खेळाडू १००, लाइट शील्ड (हलकं चिलखत) घातली की १२५, हेवी घातली की १५०. आता छातीवर एक गोळी लागली तर काय होतं ते बघा. मार्शल ही लांब पल्ल्याची बंदूक १०१ घेते, म्हणजे बिनशील्डचा माणूस जागेवर जातो. तिची मोठी बहीण ऑपरेटर १५० घेते, म्हणजे हेवीवालाही जातो. या दोघींच्या मधली १२५ ची पायरी बरीच वर्षं मोकळी होती. जानेवारी २०२४ मध्ये ८.० पॅचबरोबर आउटलॉ आली, तिचा आकडा १४०. एका बंदुकीनं लाइट शील्डचा अर्थच बदलला.

कसा, ते बोनस राउंडमध्ये दिसतं. पिस्तूल राउंड (म्हणजे पहिला) आणि दुसरा राउंड जिंकला की तिसऱ्याला स्पेक्टर ही स्वस्त बंदूक आणि लाइट शील्डवरच रेटायचं, पैसे वाचवायचे, ही जुनी पद्धत. समोर आउटलॉ असेल तर तुमचा १२५ वाला गडी एका गोळीत बसतो. शिवाय आउटलॉ खेळातल्या पैशांत २४०० ची; हेवी शील्डचे १००० धरून ३४००, म्हणजे व्हँडल रायफल आणि हेवीच्या सेटपेक्षा ५०० नं स्वस्त. पाचही जणांनी मात्र घाबरून हेवी घेऊ नये. समोर आउटलॉ बहुधा एकच असते आणि ती लांबलचक गल्लीत बसते. त्या गल्लीत जाणाऱ्या एकानं हेवी घ्यावी, बाकीच्यांना लाइट पुरते. हेवीवाल्याला १४० लागले तर १० उरतात. त्यानं तिथं उलट गोळीबाराचा मोह न धरता भिंतीमागं यायचं. आउटलॉमध्ये दोनच गोळ्या असतात, पण दुसरी लगेच सुटते. दोन्ही गेल्या की ती भरेपर्यंतचा वेळ तुमचा. आत शिरायचं ते तेव्हा.

हाच हिशोब रायफलींना लावा. व्हँडल डोक्यात कुठूनही १६०. फँटम जवळून १५६, मधल्या अंतरावर १४०. समजा उद्या हे १४० चे १४८ झाले. ग्रुपवर जल्लोष होईल, पण हेवीवाला तरीही २ वर जिवंत राहील आणि तुमच्या खेळात काडीचा फरक पडणार नाही. १५० झाले, तर मात्र व्हँडल घ्यायचं मोठं कारणच जाईल.

दुसरी रेषा पैशाची, आणि तिच्याकडे सगळ्यात जास्त दुर्लक्ष होतं. रायफल २९०० अधिक हेवी १०००, म्हणजे ३९००. ही फुल बायची, म्हणजे पूर्ण खरेदीची, रेषा. पिस्तूल राउंड हरलात की १९०० मिळतात, दुसरा हरलात की २४००. बेरीज ४३००. म्हणजे दुसऱ्या राउंडला हात सैल सोडायची मुभा फक्त ४०० ची. लाइट शील्ड बरोबर ४०० ची आहे. पिस्तुलात स्पाइक (अटॅकवाल्यांनी लावायचा बॉम्ब) लावून हरला असाल तर प्रत्येकाला ३०० जास्त, मुभा ७०० ची.

२०२४ च्या अखेरीस रीजन शील्ड आली, किंमत ६५०. अंगावर २५ च असते, पण मार लागल्यावर साठ्यातून पुन्हा भरते आणि तो साठा ५० चा. आता मांडा: स्पाइक लावला होता तर २२०० मधून ६५० गेले, १५५० उरले, हरल्यावर २४०० आले, ३९५०. तिसऱ्या राउंडला रायफल आणि हेवी बसते, अ‍ॅबिलिटीला (एजंटच्या खास शक्तीला) ५० उरतात. स्पाइक लावला नव्हता तर ३६५०. फुल बाय हुकली. एक किल असेल तर २०० धरून ३८५०, तरीही ५० नं हुकली. दोन किल लागतात. स्पाइक न लावता ज्यानं दुसऱ्या राउंडला रीजन घेतली, तो तिसऱ्या राउंडला चॅटमध्ये ‘ड्रॉप दे’ (माझ्यासाठी बंदूक घेऊन टाक) म्हणत बसतो, आणि ज्यानं ड्रॉप दिला त्याची चौथ्या राउंडची गणितं विस्कटतात. अजून एक खड्डा: अटॅकला स्पाइक न लावता जीव वाचवून राउंड हरलात तर हरल्याचे पूर्ण पैसे मिळत नाहीत, फक्त १००० मिळतात. वाचलेली बंदूक नुसतं शेरीफ पिस्तूल असेल तर वाचून काही उपयोग नाही.

तिसरी रेषा वेळेची. जेट या एजंटच्या उदाहरणाइतकं चांगलं दुसरं नाही. आधी ती ऑपरेटरनं गोळी मारायची, चुकली की त्याच क्षणी डॅश (झपकन झेप) करून निघून जायची. एप्रिल २०२२ च्या ४.०८ पॅचनं डॅश आधी चालू करायला लावला. चालू केल्यावर १२ सेकंदांची खिडकी, वापरला नाही तर वाया. २०२३ मध्ये ७.०४ नं ती खिडकी ७.५ सेकंदांवर आणली. रायफल हातात घेऊन धावणारा सेकंदाला ५.४ मीटर जातो. १२ सेकंदांत जवळजवळ ६५ मीटर, साडेसातमध्ये ४० च. म्हणजे पूर्वी लांबून पावलं ऐकू आली तरी जेट बटण दाबून निवांत वाट बघू शकायची. आता समोरचे ४० मीटरच्या आत आल्याची खात्री लागते, आणि ही खात्री तिला दुसऱ्यानं द्यायची असते: सोव्हा या एजंटचा शोधणारा बाण, सायफर या एजंटची तार, कुणाचा तरी कॉल. एकट्या जेटवर साइट (स्पाइक लावायची जागा) सोडायचे दिवस तिथंच संपले.

अटॅकवाल्यांसाठी याच आकड्यातून सरळ चाल निघते. एक स्मोक टाका, चार पावलं आवाज करत जा, थांबा. डॅश चालू झाल्याचा आवाज ऐकला की मनात आठ मोजा, मग शिरा. मोजायला घाई होते, हीच नेहमीची चूक. पाच-सहावर कुणीतरी शिरतो आणि जेट त्याला मारून निघून जाते. दोन किलवर तिला डॅश परत मिळतो, त्यामुळे घाईत दोघं गेले तर कष्ट पाण्यात.

चेंबर या एजंटचं थोडक्यात. डिसेंबर २०२२ च्या ५.१२ नं त्याचे टेलिपोर्टचे दोन तळ काढून एकच ठेवला आणि चेंबर स्वतः लांब गेला की त्याचा सापळा बंद पडू लागला. मागची बाजू राखायला सायफर किंवा किलजॉय हे एजंट पुन्हा लागू लागले. मॅप बदलणं हाही बॅलन्सचाच भाग धरा: जानेवारी २०२३ मध्ये ६.० नं लोटस आणला, स्प्लिट परत आणला, बाइंड आणि ब्रीझ बाहेर काढले. ब्रीझसारखा लांब नजरेचा मॅप गेला की ऑपरेटरला हात न लावताही ती कमी दिसू लागते.

पॅचच्या पहिल्या संध्याकाळी रँक्ड (क्रमवारीचे सामने) लावू नका. कस्टम गेम काढा, त्यातला ‘चीट्स’ हा सरावाचा पर्याय चालू करा, पाचपैकी दोघं पुरतात. ज्या एजंटला हात लागलाय त्याच्यावर टिकलेल्या तुमच्या चाली कागदावर लिहा, एकेक करून दहा-दहा वेळा चालवा आणि मोबाइलच्या स्टॉपवॉचवर वेळ घ्या. सोव्हा आणि व्हायपर या एजंटांचे लाइनअप (ठरलेल्या जागेवरून नेम धरून करायचे मारे) मॅपमध्ये किरकोळ बदल असला तरी तपासा. एक पेटी सरकली की बाण भलतीकडे जातो. मोठ्या संघांचे एजंट जसेच्या तसे उचलू नका. त्यांची जोडणी रोजच्या कॉलवर उभी असते. आपल्याकडे एकाचा माइक बंद, दुसऱ्याचं इन्व्हर्टरवर चाललेलं, अशात दोन एजंटांनी सेकंद जुळवून करायच्या चाली बसत नाहीत. आकडा बदललेला एकच एजंट बदला, बाकी चार तसेच ठेवा, निदान आठवडाभर.

कॅफेत खेळणाऱ्यांनी एक लक्षात ठेवावं. बऱ्याच कॅफेंत रीस्टार्ट झाल्यावर डिस्क जुन्या स्थितीत नेणारं सॉफ्टवेअर असतं, आणि व्हॅनगार्डला, म्हणजे खेळातली फसवणूक पकडणाऱ्या प्रोग्रामला, अपडेटनंतर रीस्टार्ट लागतो. परिणाम असा की पॅच उतरतो, पीसी बंद होऊन चालू होतो आणि पॅच गायब. तासाचे पैसे डाउनलोडमध्येच जातात. कॅफेवाल्या दादांना आदल्या दिवशी सांगून ते लॉक काढून घ्या, अपडेट आणि रीस्टार्ट होऊ द्या, गेम एकदा उघडून बघा आणि मगच लॉक परत लावायला सांगा.