मिक्सिंगपासून मालिकेपर्यंत

बारावीनंतर अमळनेरला एका फोटो स्टुडिओत लग्नाच्या व्हिडिओंचं मिक्सिंग करायला लागलो. सॉफ्टवेअर एडियस. तेव्हा मिनी डीव्ही कॅसेट असायच्या आणि तासाभराची कॅसेट कॉम्प्युटरवर घ्यायला तासच जायचा, म्हणून लग्नसराईत रात्रीच्या रात्री कॅप्चरिंगला बसून राहायचं. मालकाचा नियम एकच, आहेरातला एकही माणूस कापायचा नाही. आहेर जरा आटोपशीर झाला की दुसऱ्या दिवशी यजमान दारात हजर: "मना साडू कथा गया?" म्हणजे माझा साडू कुठे गेला?

पुण्याच्या एफटीआयआयला, म्हणजे सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटला, एडिटिंग शिकायचं तर आधी पदवी लागते. माझं बी.ए. अर्धवट. गावचा एक दादा गोरेगावला साउंडमध्ये कामाला होता, त्याच्या भरवशावर जळगावहून रात्रीची अमरावती एक्सप्रेस पकडली आणि एका डेली सोपच्या एडिट रूममध्ये असिस्टंट म्हणून चिकटलो.

असिस्टंटला सुरुवातीला कापायला काही मिळत नाही, हे कोणी सांगितलं नव्हतं. सेटवरून हार्ड डिस्क आली की डेटा उतरवायचा, दुसऱ्या डिस्कवर बॅकअप घ्यायचा, सीनप्रमाणे बिन, म्हणजे सॉफ्टवेअरमधले फोल्डर, लावायचे आणि साउंड सिंक करायचा. आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर असतो. क्लॅपच्या पट्ट्या ज्या फ्रेमला आपटतात ती फ्रेम आणि आवाजातला 'टक' एकाखाली एक आणायचे. सेकंदाला 25 फ्रेम. तीन-चार फ्रेम इकडेतिकडे झाल्या की नट परक्या आवाजात बोलल्यासारखा वाटतो. सेटवर क्लॅप द्यायचा राहिला असेल तर संवादातला 'प' किंवा 'ब' शोधायचा, कारण तिथे ओठ हमखास मिटतात. ही युक्ती मला सीनिअरने चहा पिता पिता सांगितली आणि मी आजही तीच वापरतो.

त्याच सीनिअरने रेणू सलुजांनी एडिट केलेला 'परिंदा' आवाज बंद करून बघायला लावला. नुसते कट बघ म्हणाला. पहिल्यांदा झोप आली, खरं सांगतो. दुसऱ्यांदा कळायला लागलं.

मालिकेचं गणित वेगळंच. अर्ध्या तासाच्या स्लॉटमध्ये जाहिराती वजा जाता साधारण 22 मिनिटं भरायची, तीही रोज. मटेरियल कमी पडलं की एका वाक्यावर सगळ्या घरादाराचे चेहरे. लोक त्याला हसतात, पण कोणाचा चेहरा आधी आणि किती वेळ धरायचा यात एडिटर ओळखू येतो. मला तिथे लग्नं कामाला आली. पाठवणीत रडणारी मुलगी सगळ्याच कॅमेऱ्यांत असते. मंडपाच्या खांबाला धरून उभा असलेला बाप मात्र रशेसमधून, म्हणजे न कापलेल्या फुटेजमधून, हुडकून काढावा लागतो. मुख्य एडिटर आजारी पडला तेव्हा एक एपिसोड मी बसवला. सासू बोलत होती आणि मी शॉट धाकट्या जावेवर ठेवला होता. डायरेक्टरने मागे घेऊन पुन्हा पाहिला, "राहू दे" म्हणाला. तिथून हळूहळू सीन मिळायला लागले.

पैशांचं मात्र सोपं नाही. टीव्हीत 90 दिवसांनी पेमेंट ही जुनीच रीत, म्हणजे पहिले तीन महिने खोलीचं भाडं आणि डबा घरून आणलेल्या पैशांवर. एका निर्मात्याने तर माझे पैसे लटकवलेच. मागे लागून लागून निम्मे सुटले, बाकीचे बुडीत खाती. असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्सचं कार्ड मी त्यानंतर काढलं. नवीन पोरांना माझं सांगणं, काम सुरू करायच्या आधी निदान व्हॉट्सअॅपवर तरी रक्कम आणि तारीख लिहून घ्या.

आता बराचसा काळ जळगावला असतो. हलक्या प्रॉक्सी फाइल नेटवर येतात, इथे कट लॉक, म्हणजे पक्का, करून प्रोजेक्ट मुंबईला परत पाठवतो. मध्ये मध्ये अहिराणी गाणीही करतो. बजेट तुटपुंजं, निर्माता आणि हिरो बहुतेकदा एकच, त्यामुळे त्याचे क्लोजअप कमी करणं हे मोठं जिकिरीचं काम. निम्मे पैसे हातात पडल्याशिवाय फुटेज उघडत नाही, मग तो भाऊबंद का असेना.