'घर' नावाचा नंबर

मंगळवार, रात्री पावणेबारा

नव्या फोनमध्ये जुने सगळे नंबर आले, त्यात 'घर'ही आलं. बसमध्ये गौरीला फोन लावायला गेले आणि बोट खालच्या ओळीवर पडलं. रेकॉर्डवरची बाई म्हणाली, "आपण डायल केलेला क्रमांक अस्तित्वात नाही." मग हिंदीत, मग इंग्रजीत. तिन्ही वेळा ऐकलं. माझा स्टॉप मागे गेला.

बंद आहे म्हणाली असती, नादुरुस्त आहे म्हणाली असती, तर इतकं लागलं नसतं. लँडलाइन परत केल्याचं दादाने सांगितलं तेव्हा मी नुसतं "बरं" म्हटलं होतं. घराचंही तसंच. जाऊ दे.

घरी आल्यापासून अण्णांचा त्या रात्रीचा सव्वानऊचा फोनच डोक्यात आहे. पेपर तपासत होते, स्क्रीनवर 'घर' दिसलं, म्हटलं गठ्ठा संपवून करते. गठ्ठा संपायला साडेअकरा झाले. इतक्या रात्री अण्णांना कुठे उठवायचं, सकाळी करू. पहाटे फोन आला तो दादाचा. त्या गठ्ठ्यातलं एकही उत्तर आज आठवत नाही.

उचलला असता तर.

बारावीला डबल स्लिट, म्हणजे दोन फटींचा प्रयोग, शिकवताना दरवर्षी कुणीतरी समांतर विश्वांचं विचारतंच. मी ह्यू एव्हरेट या भौतिकशास्त्रज्ञाचं सांगते. १९५७ सालचा त्याचा निबंध: क्वांटम मोजमापातला जो निकाल आपल्याला मिळाला नाही, तोही घडलेलाच असतो, फक्त दुसऱ्या शाखेत. मुलांचे डोळे चमकतात. लगेच पुढचा प्रश्न, "मॅडम, मग तिकडे बोलता येईल?" नाही येणार, मी सांगते, क्वांटमचं समीकरण रेषीय आहे, म्हणजे प्रत्येक शाखा आपापली चालते, एका शाखेचा दुसरीला पत्ता लागत नाही. इतकी वर्षं किती सहज सांगत आले हे.

आज मात्र मीच वाट शोधत बसले. भौतिकशास्त्रज्ञ वाइनबर्गने १९८९ मध्ये तपासून पाहण्यासाठी मांडलं होतं की समजा हे समीकरण किंचित अरेषीय असेल तर? १९९१ मध्ये पोल्चिन्स्की या दुसऱ्या भौतिकशास्त्रज्ञाने दाखवलं की तसं असेल तर एक तर प्रकाशापेक्षा वेगाने निरोप धाडता येतील, आणि ते टाळायचं म्हटलं तर शाखाशाखांमध्ये बोलता येईल. त्याला त्याने नावच दिलं, एव्हरेट फोन. पण बेरिलियमच्या आयनांवर प्रयोग झाले होते, फार बारकाईने, आणि त्यांत अरेषीयतेचा मागमूसही सापडला नाही. हे मला आधीपासून माहीत होतं. तरी पुन्हा वाचलं. आणि माझं फोन न उचलणं हे काही इलेक्ट्रॉनचं मोजमाप नव्हे, हेही कळतं मला.

टेड चँग या विज्ञानकथाकाराच्या २०१९ च्या एका कथेत असं यंत्र आहे, प्रिझम. ते सुरू केलं की आत एक मोजमाप होतं, लाल किंवा निळा दिवा लागतो, तिथून दोन शाखा फुटतात आणि त्या दोघींना एकमेकींशी बोलता येतं. पहिल्यांदा वाचली तेव्हा कल्पनेवरच खूश होते. आज त्यातली अट टोचली. यंत्र सुरू केलं त्या क्षणानंतर जे वेगळं झालं तेवढंच ऐकू येतं, आधीचं नाही. म्हणजे मला ते त्या रात्री नऊ वाजून चौदा मिनिटांनी सुरू करायला हवं होतं. तेव्हा मी लाल पेनचं टोपण शोधत होते.

कथेतसुद्धा मला तिकडे पोचता येत नाही.

नारळीकरांच्या विज्ञानकथेतले गंगाधरपंत बरे. पानिपत मराठ्यांनी जिंकलेल्या जगात जाऊन आले आणि खिशातून बखरीचं एक फाटकं पान घेऊन आले. गोळी विश्वासरावाच्या कानाला चाटून गेली, एवढा मजकूर. अण्णा ती गोष्ट सांगताना इथे थांबायचे आणि स्वतःच्या कानाला हात लावायचे. गेल्या वर्षी २० मेला नारळीकर गेल्याची बातमी आली तेव्हाही माझा हात आधी 'घर'कडेच गेला होता.

पान तर माझ्याकडेही आहे. एसटीडीच्या दिवसांपासून अण्णांची सवय, फोन करण्याआधी कॅलेंडरच्या पानामागे मुद्दे लिहून ठेवायचे, म्हणजे बोलणं लांबत नाही. त्या महिन्याचं पान दादाने मला दिलं होतं. घडी उघडायचं धाडस झालं नव्हतं. आज जेवण झाल्यावर कपाटातून काढलं.

तीन मुद्दे आहेत.

१. निळी छत्री हिच्याकडे राहिली का
२. गुडघा – तेल संपले
३. फणस

संपलं. मी पान उलटसुलट करून पाहिलं, उजेडासमोर धरलं. फणस, एवढंच.

आधी रडू आलं. एवढ्यासाठी होता का तो फोन? मग कितीतरी वेळ तशीच बसून राहिले. तिकडच्या मीने फोन उचललाच असेल. छत्री माझ्याकडे नाही म्हणाली असेल, तेल पाठवते म्हणाली असेल, फणसाचं ऐकता ऐकता पुढचा पेपर ओढला असेल आणि "बरं, ठेवते" म्हणाली असेल. चार मिनिटं. दुसऱ्या दिवशी पहाटे तिलाही दादाचा फोन आला असेल. आदल्या रात्री नेमकं काय बोलणं झालं हे ती आठवत बसली असेल, आणि तिला फणसाचं काही धड आठवत नसेल. ती तरी मला काय सांगणार होती?

सव्वाबारा वाजले. पान पुन्हा घडी करून ठेवलं. 'घर' तसंच राहू दिलंय, गौरीच्या खाली. छत्री कपाटाच्या वरच्या खणात असेल, उद्या स्टूल घेऊन बघते. फणसाचं दादाला विचारेन.