खारातली घेरकिन

घेरकिन म्हणजे करंगळीएवढी असतानाच तोडायची छोटी काकडी. तिची कुरकुर मसाल्यावर ठरत नाही. वेलावरून तोडल्यावर ती किती लवकर खारात, म्हणजे मिठाच्या पाण्यात, गेली, यावर ठरते. ऊन चढायच्या आत तोडा, गार पाण्यात टाका आणि त्याच दिवशी बरणीत भरा. दोन-तीन दिवस टोपलीत राहिलेली काकडी आतून पोकळी धरते. अशी काकडी पाण्यात तरंगते, तेव्हा वर आलेल्या बाजूला काढायच्या. त्या भाजीला चालतील, खाराला नाही.

शेजारी कर्नाटकात घेरकिनची करारावर शेती होते, पण तो माल बहुतेक परदेशी जातो. कोल्हापुरात कपिलतीर्थ किंवा लक्ष्मीपुरीच्या बाजारात ती मिळेलच असं नाही, म्हणून घरी लावणं बरं. ऑक्टोबरात किंवा जानेवारीअखेर बी टोकायचं. पावसाळ्यात नको. कोल्हापूरच्या जून ते सप्टेंबरच्या ओलीत पानांवर केवडा पडतो आणि वेल हातचा जातो. ३५ ते ४० दिवसांत तोडणी सुरू होते. फळ करंगळीएवढं, ४ ते ६ सेंटिमीटरचं झालं की रोज काढायचं. दोन दिवस विसरलात तर ती सरळ कोशिंबिरीची काकडी होते आणि वेलही नवी फळं कमी धरतो. पाण्याचा ताण पडला की कडू होते, आणि तो कडूपणा खारात जात नाही.

आता खार. १ लिटर पाण्याला ५० ग्रॅम मीठ, वजन करूनच. खडे मीठ आणि बारीक मीठ चमच्याने मोजलं तर वजनात बराच फरक पडतो. मीठ कमी पडलं तर काकडी मऊ पडते आणि नासतेही. फार झालं तर आंबणं रखडतं. पाणी उकळून पूर्ण गार करा.

अर्धा किलो काकड्या काटे चोळून धुवा. मग फुलाकडच्या टोकाची चकती, २-३ मिलिमीटर, कापून टाका. देठाची नाही, फुलाची! वाळलेल्या फुलात असलेली विकरं (एन्झाइम्स) गर मऊ करतात. खार बिघडला म्हणून मसाल्याला दोष दिला जातो, खरं कारण बहुतेकदा हे टोक.

१ लिटरच्या काचेच्या किंवा चिनी मातीच्या बरणीत तळाशी ६ लसूण पाकळ्या, २ सुक्या मिरच्या, १ चमचा मोहरी आणि शेपूची फुलं. परदेशी पाककृतीतलं ‘डिल’ म्हणजे आपला शेपूच. फुलं नसतील तर अर्धा चमचा बाळंतशोपा. काकड्या उभ्या, घट्ट बसवा आणि खार ओता. कुरकुरीसाठी द्राक्षाची २ पानं घालतात, त्यातल्या टॅनिनमुळे मऊ पडणं लांबतं. तासगावकडच्या द्राक्षबागांची पानं मात्र फवारणीची असू शकतात. खात्री नसेल तर चिमूटभर चहापत्ती पुरे. चुन्याच्या निवळीची इथे गरज नाही, चुना आंबटपणा मारतो.

वरून छोटी वाटी दाबून ठेवा, एकही काकडी खाराबाहेर नको. झाकण सैल ठेवा, बुडबुडे यायला लागतील. एप्रिलच्या उकाड्यात ३-४ दिवस, थंडीत ७ ते १०. खार गढूळ होणं हे बिघडल्याचं लक्षण नाही. वर पातळ पांढरी साय आली तर काढून टाका. केसाळ, काळी-हिरवी बुरशी दिसली तर अख्खी बरणी फेका. हिरवा रंग उतरून काकडी शेवाळी झाली आणि कापल्यावर आत पांढरे ठिपके राहिले नाहीत, की झाली. मग फ्रिजमध्ये. लसूण निळसर पडला तर घाबरू नका, आंबटपणाने पडतो.

तेलाचं लोणचं करायचं तर ५०० ग्रॅम घेरकिनच्या उभ्या फोडी, २५ ग्रॅम मीठ आणि अर्धा चमचा हळद, २ तास. सुटलेलं पाणी पूर्ण काढून फोडी कापडावर सावलीत कोरड्या करायच्या, इथे घाई केली की लोणच्याला पाणी सुटतं. ४० ग्रॅम मोहरीची डाळ, ३ चमचे लाल तिखट, अर्धा चमचा तळून कुटलेली मेथी, अर्धा चमचा हिंग, ४ लिंबांचा रस. १५० मिलिलिटर तेल तापवून कोमट करून घाला. कडकडीत तेलाने मोहरी करपते आणि तिचा झणका जातो. हे फ्रिजमध्येच, १५ दिवसांत संपवायचं. ते कैरीच्या लोणच्यासारखं वर्षभर टिकत नाही.

बाजूला काढलेल्या पोकळ काकड्यांना चीर देऊन शेंगदाण्याचं कूट, तीळ आणि कांदा-लसूण मसाला भरा. मसाल्यात मीठ आधीच असतं, वरून जपून. झाकण ठेवून मंद आचेवर ६-७ मिनिटं. पाणी घालायचं नाही, तिचं तिला सुटतं.

खारातली घेरकिन बारीक चिरून भडंगावर झकास लागते, पण ताटलीत वाढल्यावरच घाला, आधी मिसळली तर भडंग मऊ. उरलेल्या खारात नवी काकडी भरू नका. पहिल्या घाण्याने तो पातळ केलेला असतो. तो ताकात घाला आणि ताकाचं मीठ कमी करा.