मिंकचा कोट आणि भावाची चिठ्ठी

न्यूयॉर्कच्या क्वीन्समधल्या आमच्या नेहमीच्या दुकानात तूरडाळीच्या पिशवीखाली, फळीच्या कडेला एक चिठ्ठी डकवलेली असते. ठळक आकड्यात पिशवीची किंमत आणि कोपऱ्यात, चष्मा लावून वाचावा लागेल असा दर पौंड वजनाचा भाव. मी आधी कोपरा वाचते. मोठी पिशवी स्वस्त पडणार असं मन म्हणत असतं, आणि कधीकधी चिठ्ठी म्हणते, थांब बाई.

न्यूयॉर्कच्या दुकानांत ही चिठ्ठी सक्तीची झाली ती बेस मायरसन शहराची ग्राहक व्यवहार आयुक्त असताना. आणि ही आयुक्तबाई एके काळची मिस अमेरिका!

ब्रॉंक्समधल्या, घरं रंगवून पोट भरणाऱ्या ज्यू बापाची ही मुलगी. हंटर कॉलेजात संगीत शिकलेली. ८ सप्टेंबर १९४५ला अटलांटिक सिटीत तिच्या डोक्यावर मुकुट चढला, तेव्हा जपानच्या शरणागतीवर सह्या होऊन आठवडाही उलटला नव्हता. स्पर्धेत तिने पियानोवर ग्रीग आणि फ्लूटवर गर्शविन, या दोन संगीतकारांच्या रचना वाजवल्या होत्या. त्याआधी स्पर्धेच्या संचालिकाबाईंनी तिला सुचवलं होतं, नाव जरा बदल, 'बेथ मेरिक' कर. मायरसन फार ज्यू वाटतं ना! तिने नाही म्हटलं. नावासकट जिंकली, आणि मिस अमेरिका होणारी पहिली ज्यू मुलगी ठरली.

पुढे नाट्यगृहांचा दौरा. ही पियानोवर बसायची आणि प्रेक्षक वाट बघायचे ती बाथिंग सूट घालून कधी येते त्याची. मला राग येतो तो इथे. बिचाऱ्या ग्रीगने कोणाचं काय वाकडं केलं होतं? काही हॉटेलांत आणि क्लबांत तर ज्यूंना प्रवेशच नव्हता, मुकुट असो वा नसो. दौरा अर्धवट सोडून ती वंशद्वेषाविरुद्ध शाळाशाळांतून बोलत फिरली.

मग टीव्ही आला. १९५१पासून 'द बिग पेऑफ' या कार्यक्रमात ती आठ वर्षं मिंकचा, म्हणजे मुंगसासारख्या एका प्राण्याच्या कातडीचा महागडा फरकोट अंगावर मिरवत राहिली. कोट बक्षिसाचा. नवऱ्याने प्रश्नांची उत्तरं बरोबर दिली तर तो त्याच्या बायकोला मिळायचा. आठ वर्षं दुसऱ्यांचा कोट! नंतर 'आयव्ह गॉट अ सीक्रेट'मध्ये मात्र ती खुर्चीत बसून प्रश्न विचारू लागली, आणि १९६९मध्ये महापौर लिंडसे यांनी तिला आयुक्त नेमलं. मग प्रश्न थेट खाटकांना आणि दुकानदारांना: वजन किती, भाव काय, आत नक्की काय भरलंय?

उतारवयात कोर्टकचेरीही झाली, १९८८मध्ये ती निर्दोष सुटली. त्या प्रकरणावर वर्तमानपत्रांनी भरपूर शाई खर्च केली आहे, माझी नको.

परवा कढीपत्त्याच्या पुडीखाली चिठ्ठीच नव्हती. भाव विचारला तर काउंटरवरचे काका म्हणाले, "एकदम ताजा है, बेन."

घेतला.